तायोहाएच्या उपसागरातला दुपारचा सूर्य

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. आईला नाही, बायकोला नाही, आणि ज्या दोघांना सांगायला हवं होतं त्यांना तर नाहीच. मग तुम्हाला का सांगतोय? तुम्ही मला ओळखत नाही, हे एक कारण असेल. दुसरं कारण — गेल्या आठवड्यात मी आमच्या गावच्या छावणी भागातल्या एका सायकलच्या दुकानात गेलो होतो, आणि तिथं जे पाहिलं ते डोळ्यांसमोरून हलत नाही.

पण दुकानाकडं नंतर येतो. आधी समुद्राबद्दल बोलू द्या. बघा, हे असं आहे — मला बोलायचं नसलं की मी समुद्राबद्दल बोलतो. सवयच आहे ती.

मी भूगोलाचा मास्तर. छावणीच्या जवळच एका शाळेत माझी सगळी नोकरी झाली. तेव्हाचं औरंगाबाद, आताचं छत्रपती संभाजीनगर — नळाला पाणी कधी येणार हीच ज्या गावाची रोजची चर्चा, तिथं मुलं मला ‘समुद्रवाले सर’ म्हणायची. आमच्या पोरांनी पाहिलेलं सगळ्यात मोठं पाणी म्हणजे पैठणचं जायकवाडी. त्यातही पलीकडचा काठ दिसत नाही म्हणून ती हरखून जायची. अशा गावात एक माणूस पॅसिफिक महासागर पाहून आलेला! माझी केवढी ऐट असेल, सांगा.

नववीला महासागरांचा धडा आला की मी पुस्तक मिटायचो. शेजारच्या वर्गातली मुलंसुद्धा खिडकीला येऊन उभी राहायची. मी फळ्यावर घोड्याच्या नालासारखा एक आकार काढायचो आणि म्हणायचो, हा तायोहाएचा उपसागर. मार्केसास बेटांपैकी नुकु हिवा नावाचं बेट, विषुववृत्ताच्या थोडं दक्षिणेला, कुठल्याही खंडापासून हजारो मैल लांब. हा उपसागर म्हणजे एका प्रचंड ज्वालामुखीचं तोंड. त्याची दक्षिणेची कड खचली आणि समुद्र आत शिरला. म्हणून तिन्ही बाजूंना उंच कडे आणि फक्त दक्षिणेकडं दार. दाराच्या दोन्ही अंगांना दोन छोटी बेटं, पहारेकऱ्यांसारखी. खडक कसा? तर आपल्या वेरुळासारखाच, काळा बेसाल्ट. पोरांना वेरूळ म्हटलं की लगेच कळायचं.

मग इतिहास. देवमासे मारणारी जहाजं पाणी, फळं आणि विसावा शोधत तिथं कशी यायची. चंदनाच्या व्यापाऱ्यांनी डोंगरांवरचं चंदन कसं तोडून नेलं. दोनशे वर्षांपूर्वी एका अमेरिकन कप्तानानं तिथं किल्ला बांधून बेट आपल्या देशाचं असल्याचं जाहीर केलं आणि त्याच्या देशानं त्याकडं लक्षसुद्धा दिलं नाही. पुढं फ्रेंचांनी झेंडा रोवला. आणि या सगळ्यांनी आपल्या जहाजांतून आणलेल्या रोगांनी दऱ्याच्या दऱ्या ओस कशा पडल्या. हे सांगताना माझा आवाज जड व्हायचा. खोटं नव्हतं त्यात काही, हा सगळा इतिहास खरा आहे. आजही पडताळून बघा.

आणि शेवटी मी स्वतः. जून महिना. भर दुपार. आमची बोट दक्षिणेकडून हळूहळू आत शिरतेय. सूर्य आमच्या पाठीशी, आणि समोरचे कडे असे लखलखतायत की झाडन्‌झाड वेगळं दिसतंय. मी कठड्याला टेकून उभा, आणि मनात येतंय की आपल्याकडं आता पाऊस झाला असेल, पेरण्या चालल्या असतील. इथं मी थांबायचो. एकदा शाळेच्या शिपायानं डोळे पुसलेले मी पाहिलेत.

मी तिथं कधीच गेलो नव्हतो.

लिहिलं एकदाचं. मी फार तर कोचीनपर्यंत गेलो. विशीत खलाशी म्हणून एका मालवाहू बोटीवर लागलो होतो. गल्लीनं हार घालून स्टेशनवर पोचवलं, आईनं पेढे वाटले. मुंबई सोडली तशा मला उलट्या सुरू झाल्या त्या थांबेनात. पाणी पोटात ठरेना. कोचीनला मला उतरवून दिलं. कप्तान भला माणूस होता, म्हणाला, बाबा रे, समुद्र सगळ्यांसाठी नसतो. पण पेढे वाटलेल्या घरी मी कसा परतणार होतो? मुंबईत बोटींना कांदे-बटाटे पुरवणाऱ्या एका गोदामात वर्ष-दीड वर्ष काढलं. जवळच्या वाचनालयात प्रवासाची जुनी पुस्तकं होती. त्यातून मी हा उपसागर निवडला. निवडलाच म्हणायचं — दुबई, सिंगापूरला कुणाचा ना कुणाचा मेव्हणा जाऊन आलेला असतो, पण तायोहाएला आमच्या गावचं कोण जाणार होतं? मग घरी आलो आणि आईला म्हणालो, पॅसिफिकला जाऊन आलो. तिनं पुन्हा पेढे वाटले.

हे एवढंच असतं तर मी आज लिहायला बसलो नसतो. बढाई कोण मारत नाही? खरं सांगायचंय ते निखतबद्दल.

निखत ही युनूसभाईंची मुलगी. छावणीच्या बाजारात त्यांचं सायकल दुरुस्तीचं दुकान. पोरगी नववीत माझ्या वर्गात आली. गप्प, पण हातात नकाशा आला की तिचे डोळे बदलायचे. इतर पोरं माझ्या गोष्टीतलं वादळ, देवमासे लक्षात ठेवत. ही विचारायची, सर, वारा कुठल्या दिशेनं होता? मला ती आवडायची. हे मुद्दाम सांगतोय, कारण नावडती असती तर मी केलं ते निदान समजण्यासारखं तरी झालं असतं.

त्या वर्षी विज्ञान प्रदर्शनासाठी तिनं माझाच उपसागर करायला घेतला. थर्माकोलच्या पाटावर प्लास्टरचे कडे, निळा रंग, तोंडाशी दोन बेटं, आत शिरणारी इवलीशी बोट. आणि सूर्य म्हणून तारेच्या दांड्यावर एक छोटा बल्ब. महिना जून, वेळ दुपारची, सरांची बोट आत येतेय, असा तो देखावा. माझी छाती काय फुगली असेल!

प्रदर्शनाच्या दोन-तीन दिवस आधी ती मधल्या सुट्टीत शिक्षकखोलीच्या दाराशी आली. शाळेचा पृथ्वीगोल आणि एक बॅटरी तिच्या हातात होती. आत दुसरं कुणी नाही हे पाहूनच बोलली — हे माझ्या फार नंतर लक्षात आलं. म्हणाली, “सर, तुमचा महिना जून नसंल. डिसेंबर धरला तर समदं बरोबर बसतंय.”

मला आधी कळलंच नाही. मग तिनं बॅटरी धरून दाखवलं. जूनमध्ये सूर्य कर्कवृत्तावर असतो, पार आपल्या डोक्यावर. तायोहाए विषुववृत्ताच्या दक्षिणेला. म्हणजे तिथं जूनच्या भर दुपारी सूर्य उत्तरेला दिसणार. दक्षिणेकडून आत शिरणाऱ्या बोटीच्या तो समोर येणार, पाठीशी नाही. आणि समोरचे उभे कडे लखलखणार नाहीत, ते सावलीत असणार.

भूगोलाचा मास्तर मी! आणि मला हे सुचलं नव्हतं. आपल्याकडं वर्षाचे बहुतेक दिवस दुपारचा सूर्य दक्षिणेकडं कललेला. मी घरच्या गच्चीवर बसून कल्पना केली ती आपल्याच गच्चीवरच्या सूर्याची. तिथं खरोखर उभा राहिलेला माणूस ही चूक करूच शकत नाही. त्याचे डोळे दिपले असते.

तिला माझं खोटं कळलं होतं का? नाही. तिला वाटलं, सरांचा महिना चुकला. ती मला डिसेंबर देत होती. मी नुसतं ‘हो गं, डिसेंबरच असेल’ म्हटलं असतं तर सगळं निभावलं असतं. पण डिसेंबर म्हटला की पेरण्या गेल्या, पाऊस गेला, शिपायाचे डोळे गेले. आणि एक दोरा ओढला तर आणखी काय उसवेल याची धास्ती. मी म्हणालो, मी तिथं उभा होतो, तू नाही. जा, वर्गात जा.

ती गेली. पण पोरगी प्रामाणिक. तिनं बल्ब उत्तरेलाच लावला.

प्रदर्शनाच्या दिवशी परीक्षक बाई तिच्या टेबलाशी थांबल्या. मुख्याध्यापक होते, मी होतो. दुकान बंद करून, इस्त्रीचा सदरा घालून युनूसभाई आले होते. निखतनं छान सांगितलं. बाईंनी पाटाला लावलेली तिच्या हातची चिठ्ठी वाचली — माझ्या गोष्टीतली, सूर्य पाठीशी असल्याची — आणि बल्बकडं पाहिलं. हे उलटं कसं, असं त्यांनी विचारलं. निखत माझ्याकडं बघायला लागली. तिला मी चिडल्याची भीती नव्हती वाटत. तिला वाटत होतं, आता सर सांगतील.

मुख्याध्यापकांनी कौतुकानं सांगितलं की आमचे सर स्वतः तिथं जाऊन आलेत. बाई माझ्याकडं वळल्या. सूर्य नक्की कुठं होता?

मी म्हणालो, “दक्षिणेला. माझ्या डोळ्यांनी पाहिलंय. हिला मी बजावलं होतं, पण हिला मास्तरापेक्षा जास्त कळतं.”

लोक हसले. बाईही हसल्या, जाऊन आलेल्या माणसाशी वाद कोण घालणार? निखत काहीतरी बोलायला गेली, पण युनूसभाईंनी तिच्या खांद्यावर हात ठेवला. ते शरमले होते. पोरीनं गुरुजींचा शब्द मोडला, तोही चारचौघांत. म्हणाले, “सर जाको आए वहाँ. तू जाको आई क्या? माफी माँग.”

तिनं माफी मागितली. माझी. मग तिनं बल्बचा दांडा उपसला, कंपासपेटीतल्या कर्कटकानं दक्षिणेला, बोटीच्या पाठीमागं नवं भोक पाडलं, आणि तिथं तो रोवला. रडली नाही. मी तिच्या हाताकडं बघत होतो. तेव्हासुद्धा वेळ गेली नव्हती, एक शब्द पुरला असता. तो मी बोललो नाही.

त्यानंतर तिनं माझ्या वर्गात एकही प्रश्न विचारला नाही. वही नीट लिहायची, मार्कही चांगले पडायचे. मी जे सांगेन तेच उत्तरात लिहायची, अगदी शब्द न शब्द. भूगोल घेऊन शिकायचं म्हणणारी मुलगी पुढं कॉमर्सला गेली. आता परभणीला असते, बँकेत आहे, सुखात आहे असं ऐकतो. ते माझ्यामुळंच झालं असं म्हणत नाही. तसं म्हणणं हीसुद्धा माझी एक बढाईच होईल. पण बॅटरीच्या उजेडात पृथ्वीगोल फिरवून स्वतःच्या डोक्यानं काढलेलं खरं उत्तर, ते खरं आहे म्हणूनच तिला गिळायला लावलं, हे माझ्यामुळंच झालं.

आणि मी? मी त्यानंतरही सगळी वर्षं तोच धडा तसाच शिकवला. फक्त सूर्याचं वाक्य गाळलं. म्हणजे कळत होतं मला. दर वर्षी त्या वाक्यापाशी आलो की कळत होतं.

आता ते दुकान. डॉक्टरांनी सायकल चालवायला सांगितली म्हणून माळ्यावरची सायकल काढली आणि गेल्या आठवड्यात हवा भरायला गेलो. युनूसभाई आता थकलेत, नजर अधू झालीय, पण आवाजावरून ओळखलं. स्टूल पुसून दिलं. हवेचे पैसे घेईनात. दुकानात एक गिऱ्हाईक बसलं होतं, त्याला माझी ओळख करून दिली — हे समंदरवाले सर, माझ्या निखतला यांनी शिकवलं. आणि मग ती गोष्ट सांगितली. पोरगी लहानपणी कशी एकदा सरांशी वाद घालायला निघाली होती आणि आपण तिला सगळ्यांसमोर माफी मागायला कशी लावली. अभिमानानं सांगत होते. पोरांना वळण असं लावायचं असतं, म्हणाले. गिऱ्हाइकानं मान डोलावली.

मी वर पाहिलं. ट्यूबच्या खोक्यांवर, फळीवर, तो उपसागर होता. कडे पिवळे पडलेले, एक बेट निखळलेलं, बोट मात्र होती. आणि बोटीच्या पाठीमागं, दक्षिणेला, दांड्यावर तो बल्ब. उत्तरेला कड्यांच्या मागं तिनं आधी पाडलेलं भोक तसंच उघडं. त्यात धूळ साचली होती.

मी उठलो. हात लांबवून दांडा धरला. काय करणार होतो? मलाच माहीत नाही. युनूसभाईंना हालचाल जाणवली असावी. ते हसत म्हणाले, “रहने दो सर. आप जहाँ बोले थे, वईंच है.”

मी हात काढून घेतला. बरं म्हणालो आणि सायकल घेऊन घरी आलो.

तिचं बरोबर होतं. तायोहाएच्या उपसागरात, जून महिन्यात, भर दुपारी सूर्य उत्तरेला असतो.