न गोठणारं पाणी

हेल्वी कोसुनेनला उन्हाळी लोकांची शिसारी होती, आणि ती लपवायचे कष्ट तिने कधी घेतले नाहीत. उन्हाळी लोक म्हणजे ज्यांची आमच्या तळ्याकाठी लाकडी घरं आहेत, पण जे राहतात शहरात. जूनमध्ये गाड्या भरभरून यायचे, मासे भाजायचे, सौना, म्हणजे वाफ घ्यायची लाकडी खोली, तापवून तळ्यात उड्या मारायचे आणि पानं पिवळी पडू लागली की कुलपं ठोकून पसार. मागचं निस्तरायला हेल्वी. सगळ्यांच्या किल्ल्या तिच्याकडे. छपरांवरचा बर्फ खाली ओढायचा, नळ फुटलेत का बघायचं, उंदरांचा बंदोबस्त करायचा. नवरा गेल्यापासून तिचं पोट ह्याच कामावर चालायचं. म्हणजे ज्यांची किळस, त्यांच्याच जिवावर जगणं. हे तिला कळत होतं आणि त्याने तिचं तोंड आणखीच कडू व्हायचं.

घाण तिने चिक्कार पाहिली होती. फ्रिजमध्ये विसरलेले, हिरवी बुरशी चढलेले मासे, सौनाच्या बाकाखाली कोंबलेले पोरांचे डायपर. त्याचं तिला फारसं काही वाटत नसे. घाण काय, धुता येते. तिला ओकारी यायची ती मांजरांचा विषय निघाला की. दर उन्हाळ्यात कुणीतरी पोरांच्या हौसेखातर पिल्लू आणायचं. दोन महिने त्याचे लाड, फोटो, गळ्यात रिबन. परत जायची वेळ झाली की ते तिथेच. आमच्याकडे त्याला सरळ उन्हाळी मांजर म्हणतात, उन्हाळी चपला म्हणाव्यात तसं. म्हणताना कुणाची जीभ अडखळत नाही.

लिंडरूस कुटुंबाच्या मांजरीचं नाव पुल्ला. वेलदोड्याच्या गोड पावासारखी तपकिरी, म्हणून त्या पावाचंच नाव तिला दिलेलं. घरचा कर्ता पेट्री लिंडरूस मऊ बोलणारा, साळसूद माणूस. कधी आवाज चढवणार नाही, कधी आभार मानायला विसरणार नाही. बायकोमुलांना आधीच धाडून शेवटचं सामान न्यायला तो एकटा आला, तेव्हा हेल्वी त्यांच्याच लाकडाच्या खोपटात सरपण रचत होती. पुल्ला उघड्या गाडीत उडी मारून बसली. पेट्रीने तिला झाडूने बाहेर काढलं. ती परत चढली, त्याने परत काढलं, आणि तिसऱ्यांदा झाडू जरा जोरात बसला. मांजर सौनाच्या फळ्यांखालच्या पोकळीत पळाली.

हेल्वीने विचारलं, हिचं काय? तो हसून म्हणाला, "मांजर आहे, हेल्वी. जगायचं कसं ते निसर्गच शिकवतो त्यांना."

"आणि तुला काय शिकवलं त्याने?" हेल्वी म्हणाली.

त्याला तो विनोद वाटला. हात हलवून तो निघून गेला. हेल्वी तिथेच थुंकली.

त्या दिवसापासून पुल्ला माणसाच्या हाताजवळ येईना. हेल्वीने पिंजरा लावला, तर ही बाहेर बसून आतल्या माशाकडे नुसती बघत राहायची. घरी नेता येईना, तेव्हा हेल्वीच तिच्याकडे जाऊ लागली, रोज दोनदा, बर्फावरची घसरगाडी ढकलत, तळ्याला वळसा घालून. खाण्याचं जमलं. मासा गोठला तरी मांजर कुरतडते. अडलं ते पाण्यापाशी. तळ्यावर हातभर जाडीचा बर्फ, ओढा मुका झालेला, पन्हळीतून लोंबणाऱ्या काचेसारख्या कांड्या. गावात दुकान चालवणारा ओर्वो म्हणाला, बर्फ चाटेल की, एवढं काय त्यात? हेल्वीने त्याला सांगितलं, तू महिनाभर बर्फ खाऊन दाखव, मग आपण बोलू. बर्फ पोटात वितळवायला अंगातली ऊब जाते, आणि त्या मांजरीच्या अंगात ऊब होती कितीशी?

थर्मासमधून ती गरम पाणी न्यायची. पण हेल्वी जवळ असेपर्यंत पुल्ला बाहेर यायची नाही, आणि हेल्वी दूर जाईपर्यंत पाण्यावर बर्फाची साय धरायची. वाटीखाली गवत घातलं, लोकरीचे मोजे गुंडाळले, चुलीत तापवलेला दगड ठेवला. उणे पंचवीसमध्ये सगळं फुकट. शेवटी तिला थडग्यावरच्या मेणबत्त्या आठवल्या. नाताळच्या संध्याकाळी आम्ही पत्र्याच्या झाकणाची ती जाड मेणबत्ती आपापल्या माणसांच्या थडग्यावर लावतो. वाऱ्याला दाद देत नाही, दिवसरात्र जळते. हेल्वीने सौनाच्या भिंतीलगत एक मेणबत्ती लावली, तिच्यावर, खाली हवेला फट ठेवून, मातीची कुंडी उपडी घातली आणि कुंडीवर पातळ पत्र्याची थाळी ठेवली. थाळीतलं पाणी गोठेना.

ती दुकानातून मेणबत्त्या खोक्याने नेऊ लागली, तेव्हा ओर्वोला राहवेना. "काय गं हेल्वी, तुझे मेलेले वाढले का? की जिवंत माणसं पुरायला घेतलीस?"

"अजून नाही घेतली. घेईन तेव्हा तुझा नंबर वर आहे."

त्या दिवशी ती लाकडांच्या ढिगाऱ्याआड बसून राहिली, नाक बधिर होईस्तोवर. पुल्ला सौनाखालून आली, थाळीभोवती एकदा फिरली आणि पाणी पिऊ लागली. लपलप लपलप, किती वेळ. हेल्वीला बरं वाटलं, आणि एका थाळीभर पाण्याने आपल्याला एवढं बरं वाटावं ह्याचा तिला रागही आला. हे काम खरं तर पेट्रीचं होतं.

जानेवारीच्या शेवटी एका दुपारी तिला लिंडरूसांच्या दारात गाडी दिसली. मुलांना पुढे बर्फात खेळायची शाळेची सुट्टी होती, त्याआधी घर तापवायला पेट्री आला होता. हेल्वीला बघून तो कॉफीचा मग घेऊनच बाहेर आला. मेणबत्ती त्याने विझवून टाकली होती. लाकडी सौनाला लागून ज्योत, सगळं घर पेटलं असतं, हे त्याने अगदी न दुखावता सांगितलं. एवढ्यापुरतं त्याचं खरं होतं, आणि हेल्वी ते मानूनही टाकणार होती.

"पण पाण्याची मी सोय केलीय हं," तो म्हणाला. "मला काय काळीज नाही होय? आता बघा, गोठणारच नाही."

थाळीत गुलाबीसर काहीतरी होतं. हेल्वीने वाकून बोट बुडवलं, नाकाशी नेलं. विचारलं, ह्यात काय घातलंस?

"कूलंट. गाडीच्या इंजिनात घालतात ते. थोडं पाणी, थोडं ते. नळ फुटू नयेत म्हणून मोरीत आपण दर वर्षी ओततोच की. प्यायलीसुद्धा ती, कॉफी ठेवली तेव्हा मी खिडकीतून बघत होतो. गोड असतं म्हणे, आवडलं असावं."

ओर्वोचा कुत्रा काही वर्षांमागे गॅरेजमध्ये सांडलेलं कूलंट चाटून मेला होता. त्याचं ओरडणं सगळ्या गावाने ऐकलं होतं. हेल्वीने थाळी उचलून लांब भिरकावली आणि आडवी होऊन सौनाखाली शिरली. म्हातारं शरीर, जाड कोट, वर फळ्यांचे खिळे. आत पुल्ला चार पायांवर झोकांड्या खात उभी होती, दारू चढल्यासारखी. हेल्वीने तिला मानेला धरून ओढलं. मांजरीने तिचं मनगट फाडलं, पण पळायचं त्राण तिच्यात नव्हतं. इतक्या महिन्यांत पहिल्यांदा ती हेल्वीच्या हातात आली, ती अशी.

"गाडी काढ," हेल्वी म्हणाली.

पेट्रीचा चेहरा पांढराफटक पडला होता, त्याला खरंच माहीत नव्हतं. माहीत नव्हतं, आणि कुणाला विचारावं असंही वाटलं नव्हतं. तो धावला, दार उघडलं आणि मग थांबला. गाडीच्या डिकीतून प्लास्टिकची मोठी पिशवी काढली आणि सीटवर नीट, कोपरे दुमडून, पसरू लागला. सीटं फिकट रंगाची होती. मांजर ओकली असती तर डाग पडला असता. हेल्वी त्याच्या हातांकडे बघत राहिली. तिने आयुष्यात साफ केलेली सगळी घाण तिला त्या क्षणी स्वच्छ वाटली.

तालुक्याच्या गावी जनावरांची डॉक्टर होती, एक तरुण पोरगी. तिने पुल्लाच्या पायात सुई घालून थेंबथेंब दारू सोडली. कूलंटच्या विषावर आमच्याकडे हाच उतारा. वेळेत आणलंत, ती म्हणाली, जगेल बहुधा, पण किडन्यांचं आत्ता सांगता येत नाही.

बाहेरच्या बाकावर पेट्री तिच्याशेजारी येऊन बसला. मग मऊपणे म्हणाला, "हेल्वी, एक विनंती. मुलांना मी सांगितलंय, पुल्ला हिवाळाभर तुमच्याकडे असते म्हणून. चुलीजवळ, उबेत. तेवढं सांभाळून घ्या."

"ते खोटं आहे हे तुला आठवतं का? की आता तुलाही खरंच वाटायला लागलंय?"

तो फोनमध्ये बघू लागला.

गावात ओर्वोने तिला बजावलं. ह्या प्रकरणात तोंड उघडू नकोस, उन्हाळी लोक सगळे एकमेकांचे मित्र, लिंडरूस दुखावला तर किल्ल्या एकेक करून परत मागतील. मग खाशील काय? तो चेष्टा करत नव्हता, हे हेल्वीला कळलं. तिने सगळं ऐकून घेतलं आणि मासे बांधून घेतले.

पुल्ला जगली आणि हेल्वीच्या चुलीजवळ राहू लागली. म्हणजे पेट्रीची थाप खरी झाली होती, तीही हेल्वीच्या कष्टाने. हे तिच्या घशाखाली उतरेना. दूध आटवताना, झाडताना ते मधेच वर यायचं, आणि ती एकटीच चुलीपाशी शिव्या द्यायची. पुल्ला कान हलवायची.

मग सुट्टी लागली. पेट्री आपल्या मुलीला, मिनेआला, घेऊन हेल्वीच्या दारात उभा राहिला, हातात चॉकलेटचा डबा. पोरगी बूट न काढताच आत धावली आणि मांजरीशेजारी जमिनीवर बसली. ती बापाकडे वळून म्हणाली, खरंच चुलीजवळ आहे पप्पा, तुम्ही म्हणाला होतात तशीच. पेट्री हसला. त्याने हेल्वीकडे पाहिलं आणि हळूच मान लववली, आभार मानल्यासारखी.

पुल्ला उठली, थाळीपाशी गेली आणि पाणी पिऊ लागली. थाळी संपली तशी पुढच्या थाळीकडे गेली. तिथून दाराजवळच्या टोपाकडे. मिनेआ मान वळवून खोलीभर बघू लागली. चुलीशी, खिडकीशी, पलंगाखाली, सगळीकडे पाणी ठेवलेलं होतं.

"ही एवढं पाणी का पिते?" तिने विचारलं.

"तिच्या किडन्या बिघडल्यात," हेल्वी म्हणाली. "आता जन्मभर अशीच पिणार."

"कशाने बिघडल्या?"

हेल्वीने भिंतीवरच्या किल्ल्यांकडे एकदा पाहिलं. लिंडरूसांची किल्ली काढली, टेबलावर चॉकलेटच्या डब्याशेजारी ठेवली आणि पेट्रीसाठी खुर्ची ओढली.

"ते तुझे पप्पा सांगतील," ती म्हणाली. "बस रे पेट्री. कॉफी ठेवते. मला काही घाई नाही."