मेलेल्या हाडाचं कारण

मायाग्वेस शहरातल्या एका हॉस्पिटलात इवेलिस रोगांना कोड लावायचं काम करायची. डॉक्टर खरडणार, ती वाचून त्या आजाराचा ठरलेला कोड टाकणार, मग विम्याचं घोडं पुढे सरकणार. नियम कडक होता. डॉक्टरांनी लिहिलंय तेवढंच खरं, आपल्या पदरचं एक अक्षर घालायचं नाही. शंका आली तर त्यांना विचारावं, पण उत्तर त्यांच्या तोंडात कोंबू नये. इवेलिस तशी फटकळ बाई, पण हा नियम तिने कधी मोडला नव्हता.

त्या दिवशी समोर नाव आलं एफ्राइनचं. तिचा नवरा. म्हणजे पूर्वीचा, आता दामारिसचा. उजव्या खुब्यातलं हाड रक्त न पोचल्यामुळे मेलेलं. कारण अज्ञात. दारू घेत नाही.

"घेत नाही म्हणे!" इवेलिस एवढ्या मोठ्याने हसली की शेजारच्या सोराइदाच्या हातातली कॉफी सांडली.

"अगं बये, हळू! झालं काय?"

"एफ्राइनचं हाड मेलंय आणि कारण सापडत नाहीये. रमने मेलंय ते, रमने! जन्म गेला माझा त्या बाटलीशी भांडण्यात."

"मग ती फाइल मला दे. घरच्या माणसाची आपण करायची नसते."

"घरचा कसला? त्याचं घर आता आन्यास्कोला आहे."

ती नुसती जळत होती. मत्सर तो मत्सरच, त्याला गोंडस नाव कशाला द्या? दामारिसची तिकडे किनाऱ्यावर खेकड्याच्या करंज्यांची टपरी होती. आज ना उद्या तीही त्याला रस्त्यावरून उचलून आणेल, तेव्हा कळेल तिला, या एकाच आशेवर इवेलिसने इतकी वर्षं काढली होती. तिने डॉक्टरांना प्रश्न लिहायला घेतला: हे दारूमुळेच झालं असेल ना? असं विचारणं म्हणजे उत्तर कोंबणंच, हे तिला कळत होतं. तरी ती लिहीत होती. तेवढ्यात खिडकीवर टकटक झाली.

बाहेर दामारिस उभी होती. टपरीवरून तशीच उठून आलेली, केसांना तळणाचा वास.

"इवेलिसबाई, रागावू नका. डॉक्टर विचारतायत, हे पूर्वी प्यायचे का. हे शरमेने तोंडच उघडत नाहीत, 'घेत नाही' एवढंच म्हणतात. कारण कळलं नाही तर दुसरा खुबाही जाईल, अशी भीती आहे डॉक्टरांना. तुम्हाला ठाऊक असेल ना?"

आयतंच हातात आलं होतं. पण इवेलिसच्या तोंडून भलतंच निघालं.

"तुझ्याकडे खरंच पीत नाही?"

"थेंबसुद्धा नाही."

"कधीच नाही? भांडावं लागलं नाही? शपथा घालाव्या लागल्या नाहीत?"

"मी?" दामारिस गोंधळली. "मी कधी विषयच काढला नाही. माझ्याकडे आले त्या दिवसापासून त्यांनी बाटलीला हातच लावलेला नाही."

इवेलिसला मोरीत ओतलेल्या बाटल्या आठवल्या. पाद्र्यापुढे घ्यायला लावलेल्या आणि आठवडाभरही न टिकलेल्या शपथा आठवल्या. तिने रडून, पाया पडून मागितलेलं या बाईला न मागता मिळालं होतं. आणि ते आता आपल्याच तोंडाने कबूल करायचं?

"नाही गं," ती म्हणाली. "माझ्या घरात तो कधीच प्याला नाही."

दामारिसने खिडकीतून तिचा हात घट्ट धरला. "देव तुमचं भलं करो. तसंच सांगते डॉक्टरांना." आणि ती लगबगीने जिना चढून गेली.

इवेलिसने लिहिलेला प्रश्न पुसून टाकला आणि अज्ञात कारणाचा कोड घातला.

सोराइदाने सगळं ऐकलं होतं. जत्रेतून एफ्राइनला दोन्ही बाजूंनी धरून घरी आणायला इवेलिसबरोबर तीच तर असायची.

"इवेलिस," ती हळूच म्हणाली, "त्याचा दुसरा पाय गं."

"जाऊ दे," इवेलिस म्हणाली. "तोही आता तिचाच आहे."