साहेबाच्या वेळेची वही

बद्रीनाथला घड्याळ उशिरा कळलं, वेळ फार आधी कळली होती. खुलताबादच्या वरच्या अंगाला त्यांच्या भावकीतल्या चार घरांत मिळून एकच विहीर. बाप बांधावर काठी रोवायचा. काठीची सावली खुणेच्या दगडाला टेकली की आपलं पाणी बंद, पुढच्याचं सुरू. एकदा चुलत्यानं बोटभर सावली जास्त खाल्ली, तर बापानं बारा वर्षं त्याच्याशी अबोला धरला. दुसऱ्याची पाळी खाणाऱ्याच्या घरचं पाणी पिऊ नये, एवढीच शिदोरी घेऊन बद्रीनाथ डोंगर उतरला आणि वाळूजच्या एका कारखान्यात बड्या साहेबाच्या दाराशी शिपाई म्हणून बसला. बावीस वर्षं बसला. तीन साहेब त्यानं येताना पाहिले आणि जाताना पाहिले.

चौथा केशव साहेब. पहिल्याच दिवशी त्यानं सगळ्यांना शेडमध्ये गोळा केलं आणि हातात माईक घेऊन सांगितलं, "नियम सगळ्यांना एकच. गेटवर प्रत्येक गाडी थांबेल, तपासली जाईल, वहीत लिहिली जाईल. माझीसुद्धा!" लोकांनी टाळ्या वाजवल्या. बद्रीनाथनंही वाजवल्या. पुढं कितीतरी दिवस त्याला आपल्या तळहातांची लाज वाटत राहिली.

साहेबानं केबिनच्या दारावर तांबडा दिवा बसवला. दिवा लागला की आत कुणी जायचं नाही. आणि तो विझायचाच नाही. ज्याला काही सांगायचं असेल त्यानं गुरुवारी यावं, चार ते पाच, तेव्हा दार सगळ्यांना उघडं, असा कागद दाराबाहेरच्या बाकामागं, भिंतीवर चिकटला.

"आई वारली तरी गुरुवारीच सांगायचं का रं?" मशीन दुरुस्तीच्या कारभारीनं विचारलं.

"गुरुवारपर्यंत थांबव म्हातारीला," बद्रीनाथ म्हणाला. पण त्याला हसू आलं नाही.

त्याच महिन्यात कारखान्याची खुलताबादची शिफ्टची बस बंद झाली. कारण कुणी सांगितलं नाही. कॅन्टीनच्या बाया जीपला लोंबकळत दौलताबादचा घाट उतरू लागल्या. तिसऱ्या दिवशी एका वळणावर द्वारकाबाईचा हात सुटला. ती खाली पडली आणि तोच हात कोपरात मोडला. दुसऱ्या दिवशी पोळ्या लाटणारी भागूबाई पिठाच्या हातांनीच बद्रीनाथपुढं येऊन उभी राहिली. ती त्याच्याच गल्लीतली.

"भाऊ, तुमी दाराशी बसता. साहेबाची दहा मिन्टं मिळवून द्या. आमाला काय त्याचा बंगला मागायचा नाय. बस मागायचीय."

"देतो, वहिनी," बद्रीनाथ म्हणाला. शब्द तोंडून गेला.

भागूबाई बाकावर बसू लागली. दिवा तांबडा. दोन गुरुवार आले नि गेले. चारला साहेब फोनवर, पाचला गाडीत. बद्रीनाथ तिला नुसतं पाणी देत राहिला. तिची नजर चुकवायला त्यानं चष्मा पुसायची सवय लावून घेतली.

मग एका सकाळी साहेबानंच त्याच्या हातात कोरी वही दिली. "बद्रीनाथ, माझा वेळ कुठं जातो ते पंधरा दिवस लिहून ठेव. पुण्याच्या हेड ऑफिसचे लोक येणार आहेत, त्यांना दाखवायचंय."

केबिनची काच दुधी. आतलं काही दिसायचं नाही. दिसायचा तो बाक. पाणी कुठं मुरलं हे बघायचं तर कुणाचा वाफा कोरडा राहिला ते बघावं, हे त्याला लहानपणापासून ठाऊक. त्यानं बाक लिहिला.

पंधरा दिवसांत साहेबाला ती वही उघडून बघायला वेळ झाला नाही. पुण्याचे लोक आले, तेव्हा त्यानं मोठ्या कौतुकानं बद्रीनाथलाच आत बोलावलं आणि म्हणाला, "वाच." बद्रीनाथनं चष्मा लावला.

"सोमवार. कॅन्टीनच्या भागूबाई नवाला बसल्या, साडेबाराला उठल्या. भेट नाय. मंगळवार. कारभारी तीनदा आले, मशीन गरम होतीय म्हणून. भेट नाय. दुपारी मशीन बंद पडली. गुरुवार, दार उघडं असायचा वार. बाकावर अकरा माणसं. पाचला साहेब गेले..."

पुण्याच्या एका पाहुण्यानं खोकल्याचं निमित्त करून तोंडावर रुमाल धरला.

"मी माझा वेळ लिहायला सांगितला होता," साहेब दातांतल्या दातांत म्हणाला.

"तुमचाच हाय, साहेब. ह्या माणसांकडून घेतलेला."

संध्याकाळपर्यंत बाक गोदामात गेला आणि बद्रीनाथ गेटवर. हातात शिट्टी, पुढ्यात गाड्यांची वही, डोक्यावर पत्रा. भागूबाईला दिलेला शब्द मात्र त्याच्यासोबतच गेटवर आला. बाया रोज सुटताना त्याच्यापुढून जात, द्वारकाबाईची जागा रिकामी असे, आणि कुणी त्याला काही बोलत नसे. त्यापेक्षा शिव्या बऱ्या होत्या.

आठव्या दिवशी चारला दहा मिनिटं असताना साहेबाची गाडी गेटला आली. ड्रायव्हरनं भोंगा दिला. बद्रीनाथनं आडवा दांडा उचलला नाही.

"उघड ना बाबा, साहेब हायेत!"

"म्हणून तर लिहितोय. त्यांचाच नियम हाय." त्यानं गाडीचा नंबर लिहिला. मग गाडीमागं जाऊन नंबर परत ताडून पाहिला. डिकी उघडायला लावली. स्टेपनी बघितली, जॅक बघितला. उन्हात शेताला पाणी पाजावं तसा तो सावकाश होता. एवढ्यात कॅन्टीन सुटलं. बद्रीनाथनं भागूबाईकडं पाहिलं आणि मानेनं गाडी दाखवली. तिनं बोटाच्या पेरानं गाडीची काच वाजवली. वाजवतच राहिली.

काच चार बोटं खाली आली. "बाई, गुरुवारी या."

"आज गुरुवारच हाय, साहेब," भागूबाई म्हणाली. "आन चार वाजलेत."

मागं बायांचा घोळका जमला. मागं सरायला वाट उरली नाही, पुढं दांडा. ड्रायव्हर आरशात बघत हसू दाबत होता. साहेब बद्रीनाथवर ओरडला, "उद्यापासून तू घरी बसायचं!"

"बसतो. आजची नोंद पुरी करू द्या."

भागूबाईनं पदर खोचला, आणि घाटाच्या पहिल्या वळणापासून सांगायला सुरुवात केली. द्वारकाबाई पडली ते वळण अजून लांब होतं. बद्रीनाथनं वहीत वेळेच्या रकान्यात चार लिहिलं, खाली नीट रेघ ओढली, आणि शाई वाळायची वाट बघत उभा राहिला.