माझ्या कोनाड्यातले त्याचे बूट

मी लष्कर, म्हणजे आमचं ग्वाल्हेर, सोडलं त्या सकाळी अप्पा मला पोचवायला स्टेशनवर आले, पण फलाटावर माझ्यापासून चांगले दोन हात लांब उभे राहिले. माझ्या काखेत फुटबॉल होता. अप्पा आमच्या दौलतगंजातल्या एका सरदारांच्या देवळाचे पुजारी. पूजा अजून व्हायची होती आणि चेंडू पडला चामड्याचा. मला शिवले असते तर घरी जाऊन पुन्हा आंघोळ. पोरगा कलकत्त्याला निघालाय, परत कधी दिसेल ठाऊक नाही, आणि बाप लांबूनच सांगतोय, "पायात चामडं घालून खेळू नकोस. एवढं एक पाळ." मी मान हलवली. नमस्कार केला तोही लांबूनच, फलाटाच्या फरशीला हात लावून.

धाकटा भाऊ मधू खिडकीला लोंबकळून रडत होता. माझ्यासाठी नव्हे हो, चेंडूसाठी! गाडी हलली तसा मी चेंडू त्याच्या हातात टाकला. पोर गाडीमागे धावायला लागलं, तेव्हा अप्पांनी झेप घेऊन त्याला ओढलं आणि पोटाशी घट्ट धरलं. चेंडूसकट. मी खिडकीतून बघत राहिलो. आईनं बांधून दिलेल्या दशम्या मांडीवर होत्या, समोरचा मुसाफिर विचारत होता, "क्यों भैया, पहली बार घर से निकले हो?" आणि मला रडू यायच्या ऐवजी राग आला. आग्र्याला गाडी बदलेपर्यंत मी तोच राग चघळत होतो.

दौलतगंजात राहिलेल्यांनो, तुम्हाला आमच्या घरची शिस्त माहीत आहे. माझ्यासारखे जे बाहेर पडले, त्यांच्या घरीही असलंच काही तरी असणार. आमच्याकडे चेंडू उंबऱ्याच्या आत येत नसे. मी म्हटलं होतं, गोठ्यात ठेवतो. तर आई कानावर हात ठेवून म्हणाली, "अरे, गाईच्या डोळ्यांदेखत गाईचं चामडं?" शेवटी तो कोपऱ्यावरच्या शिंप्याच्या दुकानात राहायला गेला. खेळून आलो की पुढच्या दारानं यायचं नाही. मागच्या बोळातून विहिरीवर जायचं, उकिडवं बसायचं, आणि आई वरून कळशी ओतायची. "डोकं पुढे कर," म्हणायची. कारण मी डोक्यानं चेंडू मारतो हे अप्पांना कळलं होतं. चेंडूचं तोंड आवळणाऱ्या तस्म्याच्या गाठीनं माझ्या कपाळावर कायमचा वण उठला होता. आतून अप्पांचा आवाज यायचा, "त्याच डोक्यानं चामडं उडवायचं आणि त्याच डोक्याला गंध लावायचं! वा रे वा!"

लष्करची थंडी काय असते ते मी तुम्हाला काय सांगू. पौषात अंगावर कळशी पडायची तेव्हा मात्र पाणी कोमट असायचं. आई अप्पांच्या नकळत चुलीवरचं आधण त्यात मिसळायची. पण मला तेव्हा एवढंच दिसायचं की सगळं घर आत जेवायला बसलंय आणि मी बाहेर कुडकुडतोय.

कलकत्त्याची एक टीम आमच्याकडे खेळायला आली होती. त्यांच्या मॅनेजरबाबूंनी मला पाहिलं आणि थेट विचारलं, "चलोगे?" मी चाललो. पगार तागाच्या कंपनीच्या ऑफिसातला आणि काम मैदानावरचं, अशी तिथली रीत. कागदोपत्री मी क्लार्क होतो, पण माझी खुर्ची मीच फारशी पाहिली नाही. तिकडे मैदानाला 'माठ' म्हणतात. मला आधी हसू यायचं, मग माझ्याही तोंडात तेच बसलं. माछ-भाताच्या वासानं सुरुवातीला मी पानावरून उठायचो. पुढे मेसचा ठाकूर, म्हणजे आचारी, माझ्यासाठी वेगळी डाळ करू लागला, आणि मेसमधली पोरं मला 'बामुन' म्हणू लागली. मग सगळं मैदानच ओरडायला लागलं, "मारो बामुन, मारो!" देवळाच्या पुजाऱ्याच्या पोराला ह्याहून मोठा मान कुठला मिळणार!

तेव्हा आम्ही सगळेच अनवाणी खेळायचो. कोरड्या मैदानात बूटवाल्या गोऱ्यांची आम्ही भंबेरी उडवायचो. पण तिकडचा चिखल म्हणजे लोणी. एकेकजण बूट घालायला लागला. बाबू स्वतः माझ्यासाठी जोडी घेऊन आले, नवी कोरी. मी ती हातातही घेतली नाही. म्हटलं, वडिलांना शब्द दिलाय. बाबू कपाळावर हात मारून म्हणाले, "तोमार बाबा कि माठे आछेन?" बाप काय मैदानात बसलाय का? बरोबर होतं त्यांचं. पण मी नाही ऐकलं. आणि एका भर पावसाळ्यातल्या मॅचमध्ये पाय घसरला तो घसरलाच, गुडघा उलटा फिरला. त्यानंतर मी धावलो नाही. चाललो, तेही जरा लंगडतच.

क्लबनं मला टाकलं नाही, ह्यात त्यांचा मोठेपणा. पोरांना शिकवायला ठेवलं. लोक आता मला 'कोच' म्हणतात. खेळणाऱ्याचा कोच होतो तेव्हा काय होतं सांगू? पाय रेषेबाहेर आणि जीव रेषेच्या आत. चेंडू आपल्याकडे येतोय असं वाटून उगाच पुढे होतो, आणि तो दुसऱ्याच्या पायाशी जातो. मला माझ्याच पोरांचा हेवा वाटायचा. त्यांच्या धडधाकट गुडघ्यांचा तर फारच. आणि गंमत बघा, नव्या पोराला पहिला धडा मी कुठला देतो? बुटाची नाडी घट्ट कशी बांधायची. ज्यानं जन्मात बूट घातला नाही तो हे शिकवतोय!

अशात लष्करहून कुणी आलं की बातमी आणायचं: मधू आता रियासतीच्या टीममध्ये खेळतो. माझ्याच जागेवर, राइट-इन. वर सकाळी देवळात पूजाही तोच करतो, अप्पांचा उजवा हात झालाय. मी तोंडानं "वा, वा" म्हणायचो आणि आतून जळायचो. मला दोन्हींतलं एक निवडायला लावलं. ह्याच्या ताटात दोन्ही वाढलं.

शेवटी आमच्या क्लबला ग्वाल्हेरचं बोलावणं आलं आणि मी टीम घेऊन गेलो. पोरांना डाकबंगल्यात उतरवलं आणि टांगा करून घरी निघालो. ओसरीत पाऊल टाकलं आणि जागीच थबकलो. ओसरीतला डावा कोनाडा माझा. मुंजीपासून माझी पळी-पंचपात्री तिथे असायची. तिथे बूट होते. मधूचे, चांगले खिळ्यांचे, चिखल पुसलेले. त्यातला एकच होता म्हणा. दुसरा अप्पांच्या हातात होता. अप्पा चौरंगावर बसून त्याला तिळाचं तेल चोळत होते, फडक्यानं, शांतपणे, देवाची उपकरणी घासावी तसे.

माझं टाळकंच फिरलं. "अप्पा, हे काय चाललंय?" मी नमस्कारही केला नाही. "मला म्हणालात पायात चामडं घालू नकोस. मी पाळलं. हा गुडघा बघा! आणि ह्याचे बूट तुम्ही घरात घेऊन तेल लावताय?"

अप्पांनी वर पाहिलं नाही. अंगठ्यानं टाचेत तेल जिरवत म्हणाले, "तुला बाहेर ठेवला, तर तू बाहेरचाच झालास. हा तरी घरात राहू दे."

मग उठले, हात धुतले, नुसते हातच धुतले, आणि आत जाऊन देवापुढे दिवा लावला. माझ्या पदरी काय आलं? धडा शिकायचा माझ्यावर आणि फळ खायचं मधूनं! त्या दिवशी मला घरचा घास गोड लागला नाही. आईनं शिरा वाढला होता तरी.

दुसऱ्या दिवशी मॅच. अप्पा छत्री घेऊन मैदानाच्या कडेला झाडाखाली उभे. माझ्या एकाही मॅचला न आलेले अप्पा! मी माझ्या हाफबॅकला बजावलं होतं, त्या राइट-इनला, आमच्या मधूला, मोकळा सोडू नकोस. पण कॉर्नरवरून चेंडू आला, मधू उडाला आणि डोक्यानं सरळ जाळ्यात. आमच्या बोळात चिंध्यांचा चेंडू करून ते डोकं मारायला मीच त्याला शिकवलं होतं, डोळे उघडे ठेवून. सगळं मैदान "वाह पंडितजी, वाह!" करत होतं. अप्पांनी छत्री उंच केली. आम्ही एका गोलानं हरलो. माझी पोरं माना खाली घालून उभी होती, आणि मी मनात म्हणत होतो, टाळी खरं तर माझी आहे.

टीम डाकबंगल्यावर पाठवून मी मधूबरोबर चालत घरी आलो. तो बूट गळ्यात अडकवून पुढच्या दारानं सरळ आत गेला. माझे पाय मागच्या बोळाकडे वळले. मी खेळलो नव्हतो, चेंडूला तर बोटही लागलं नव्हतं. तरी विहिरीवर जाऊन उकिडवा बसलो, दुखऱ्या गुडघ्यानं जमेल तसा. खरं तर रुसूनच बसलो होतो, लहान पोरासारखा.

मागचं दार वाजलं. आई कळशी घेऊन आली. आता तिला ती एका हातानं उचलवत नव्हती, दोन्ही हातांनी कवटाळली होती. "डोकं पुढे कर," म्हणाली, आणि ओतली. पाणी कोमट होतं. म्हणजे आम्ही यायच्या आधीच तिनं चुलीवर आधण ठेवलं होतं. पाणी डोळ्यांत गेलं होतं, ते एक बरं झालं.

मधू दारात येऊन उभा होता. मैदानात लोकांनी घातलेला हार अजून गळ्यात होता, पण चेहरा उतरलेला. म्हणाला, "दादा, सच बोलू? तुझं बरं होतं. मला आईनं एकदाही असं पाणी नाही घातलं. मैं तो बस सीधा अंदर, कोणी बघायलाही येत नाही."

मी ओल्या डोक्यानं त्याच्याकडे बघतच राहिलो. ज्याच्यावर मी इतकी वर्षं जळत होतो तो माझ्यावर जळत होता, आणि तेही ह्या कळशीपायी! आई मात्र हसली आणि म्हणाली, "बस मग, तूही बस. पाणी आहे अजून."

मी तिथून हललो नाही. "त्याला उद्या घाल," म्हटलं. "आजची सगळी माझी."

आता कलकत्त्यात मेसच्या नळाखाली बसतो. पोरांना शिकवून आलं की आंघोळ केल्याशिवाय मी खोलीत जात नाही. इथे मला आत यायला कुणी अडवत नाही आणि बाहेर माझ्यासाठी कुणी उभंही नसतं. दौलतगंजवाल्यांनो, घर कुठलं म्हणून मला विचाराल तर ओसरी सांगणार नाही, कोनाडाही सांगणार नाही. विहिरीचा तो काठ सांगेन, जिथे मी बाहेर आहे असं मला वाटायचं. मधूला निरोप द्या, बूट खुशाल माझ्या कोनाड्यात ठेव. पण मी येईन तेव्हा त्या काठावर आधी मी बसणार.