चेहरा झाकायचा की नाही

माणसाला पकडलं की वर्तमानपत्रात फोटो, आणि तो निर्दोष सुटला की दोन ओळीही नाहीत, याचा मला फार राग आहे. त्या रागापायीच मी इंदूरमध्ये अशा सुटलेल्या माणसांवर डॉक्युमेंटरी करत होते.

त्यांतले एक राजवाड्याजवळच्या साड्यांच्या दुकानात सेल्समन होते. दुकानातला माल चोरीला गेला आणि आळ त्यांच्यावर आला. जामीन राहायला कुणी पुढे आलं नाही, म्हणून खटल्याची सगळी वर्षं त्यांनी तुरुंगातच काढली. मग कोर्टाने त्यांना निर्दोष सोडलं. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात, तसंच. आणि परत आल्यावर या संन्याशाला कुणी काम देईना.

फिल्ममध्ये आपला चेहरा दिसावा, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. बाजारातला एखादा शेठ बघेल आणि पुन्हा काउंटरवर उभं करेल, अशी त्यांना आशा होती. बायको मात्र ऐकेना. "ताई, मुलीचा रिश्ता जमतोय," ती मला स्वयंपाकघरात नेऊन म्हणाली. "पाहुण्यांना काहीच मालूम नाहीये. लोकं भूलून गेलेत, तुम्ही कशाला याद दिलवताय?"

"तेव्हा तर पेपरात सगळ्या शहराने बघितलं मला," ते बाहेरच्या खोलीतून म्हणाले. "आता छूटून आलोय तर तोंड लपवू?"

मला त्यांचंच पटत होतं. पण लग्न मोडलं तर निस्तरायला मी थोडीच जाणार होते? घरातल्या एकाचाही नकार असला तर चेहरा धूसर करायचा, हा माझा नियम आहे. तो मी पाळला, पण चिडतच.

फिल्म बाहेर दाखवण्याआधी मी ती ज्याची आहे त्याच्या घरी नेते. एका दुपारी त्यांच्या दिवाणावर लॅपटॉप ठेवला आणि दोघं नवरा-बायको बघायला बसली. स्क्रीनवर ते बायकोचीच साडी खांद्यावर घेऊन, गिऱ्हाइकाला दाखवतात तसा पदर सोडत होते. बोटं सराईतपणे चालत होती, आणि मानेच्या वर नुसता राखाडी डाग होता.

बायको बघत राहिली. मग तिनेच लॅपटॉप मिटला.

"ही काय शकल केलीये यांची?"

"तुम्हीच म्हणालात ना," मी म्हटलं. माझा आवाज जरा चढलाच.

"म्हणाले. पण असे तर हे चोरच दिसतात."

तिने फोन घेतला. कुणाला लावतेय ते माझ्या लक्षात आलं, तशी मी घाबरले. "आधी मुलीला तरी विचारा!"

"ती तर पहिल्या दिवसापासून पप्पांच्याच बाजूने आहे. भीती मलाच होती."

मुलीच्या होणाऱ्या सासूबाईंनी फोन उचलला. "नमस्कार जी," बायको म्हणाली. "एक बात सांगायची राहून गेली. आमचे मिस्टर जेलमध्ये होते. चोरी यांनी केली नव्हती, कोर्टानेही तेच सांगितलं."

ते उठून तिच्याजवळ येऊन उभे राहिले.

"रिश्ता ठेवायचा की नाही, तुम्ही बघा जी," ती म्हणाली. "यांना मी आता लपवणार नाही."