काट्यावरची रिंग

माझी उंची पाच फूट एक इंच. आधीच सांगून टाकते, म्हणजे मी बास्केटबॉल खेळते म्हटल्यावर तुम्ही जे तोंड करणार ते एकदाचं करून घ्या. मला सवय आहे. ऑफिसात नवीन माणूस आला की कोणीतरी माझ्याकडे बोट दाखवून सांगतं, "मॅडम स्पोर्ट्स कोट्यातल्या." आणि तो हमखास विचारतो, "कॅरम का?"

कॅरम नाही. गार्ड. गार्ड म्हणजे टीममधली सगळ्यात बुटकी आणि सगळ्यात आगाऊ पोरगी, जी बॉल घेऊन येते आणि उंच पोरींना कुठं उभं राहायचं ते सांगते. आगाऊपणा माझ्यात जन्मापासून होता, बास्केटबॉल नंतर आलं.

आम्ही मूळचे साताऱ्याकडचे, पण पप्पा कळंबोलीच्या लोखंड बाजारात वजनकाट्यावर कामाला होते. त्यामुळे मी वाढले ती सळया, पत्रे आणि ट्रेलर यांच्यामध्ये. पप्पांची काचेची केबिन आणि समोर जमिनीत बसवलेला लांबलचक लोखंडी काटा. ट्रक त्यावर उभा राहिला की केबिनमध्ये आकडा उमटायचा आणि पप्पा तो माइकवरून सगळ्या बाजाराला ऐकवायचे. थोडं इकडंतिकडं करा म्हणून व्यापाऱ्यांनी त्यांना किती चहा पाजला, किती मिठाया दिल्या. पप्पा चहा प्यायचे, दोन पेढे तोंडात टाकायचे, बॉक्स आईसाठी बाजूला ठेवायचे आणि आकडा होता तोच सांगायचे.

सातवीत असताना मी त्यांच्या मोबाइलवर ऑलिंपिकमधली बास्केटबॉलची मॅच पाहिली. एक बुटकी गार्ड धिप्पाड बायकांच्या बगलेखालून बॉल घेऊन निसटत होती. मी म्हटलं, "पप्पा, मला हे खेळायचंय." आमच्या शाळेत फक्त व्हॉलीबॉलचं जाळं होतं, तेही फाटकं. आई म्हणाली, "आधी गणितात पास हो." दुसऱ्या दिवशी पप्पा बॉल घेऊन आले आणि मला थेट वेल्डरमामांकडे घेऊन गेले.

वेल्डरमामा म्हणजे पप्पांचे गाववाले. गेट म्हणा, ग्रिल म्हणा, ट्रकचा फाळका म्हणा, सांगाल ते करून द्यायचे. त्यांनी एकच प्रश्न विचारला, "आत काय जाणार?" पप्पांनी बॉल पुढं केला. मामांनी तो उलटसुलट फिरवला, त्याला टेप लावला, दोन्ही बाजूंना दोन-दोन बोटं जागा सोडली आणि सळई वाकवून गोल रिंग केली. काम एकदम सुबक. पप्पांनी वरून बॉल सोडून बघितला, तो सटकन खाली आला. "बसला की बराबर," पप्पा म्हणाले. लोखंडात जन्म गेलेली माणसं ती. ज्या वस्तूसाठी भोक करायचं ते त्या वस्तूच्या मापानंच करायचं, उगाच ढगळ कशाला, हा त्यांचा हिशेब. खऱ्या रिंगचं माप किती असतं हे कोणाला विचारावं असं आमच्या तिघांपैकी एकालाही सुचलं नाही. मोबाइल पप्पांच्या खिशातच होता.

रिंग केबिनशेजारच्या भिंतीवर लागली, मागं जाड पत्र्याचा तुकडा. पहिल्या दिवशी बॉल पत्र्यावर आपटला तेव्हा टायर फुटला म्हणून दोन ड्रायव्हर धावत आले. पप्पा खिडकीतून माझं खेळणं बघायचे आणि ट्रकच्या वजनामागोमाग माझाही आकडा माइकवर सांगायचे. "बावीस टन तीनशे चाळीस. गाडी पुढं घ्या. दहातले दोन."

रोज संध्याकाळी अख्ख्या बाजाराला माझी लायकी कळायची. ड्रायव्हर मला 'ऑलिंपिक' म्हणायला लागले. "काय ऑलिंपिक, आज किती?" दोन. फार तर तीन. चार वर्षं मी हेच धरून चालले होते की आपल्याला नेम म्हणून नाहीच. मग जे जमत होतं ते घोटलं. उभ्या ट्रेलरांमधून बॉलला टप्पे देत पळायचं, न बघता पास द्यायचा. वजनासाठी थांबलेला एखादा ड्रायव्हर बेसावध दिसला की पास थेट त्याच्या छातीवर. पार पंजाबपासून तमिळनाडूपर्यंतच्या शिव्या मी अशाच शिकले.

अकरावीला बेलापूरच्या कॉलेजात गेले. टीम निवडायच्या दिवशी पहिल्यांदा खरी रिंग पाहिली आणि मला वाटलं, नवीन पोरींना सोपं जावं म्हणून मोठी लावली असणार. विचारायची लाज वाटली. बॉल टाकला, गेला. परत टाकला, परत गेला. कडेनं एवढी जागा उरत होती की मला चीटिंग केल्यासारखं वाटायला लागलं. दहातले दहा. कोच मॅडमनी तोंडातली शिट्टी काढली. "कुठं शिकलीस?"

"कळंबोलीला. काट्यावर."

मॅडमचा विश्वास बसेना, म्हणून रविवारी त्या स्वतः बघायला आल्या. स्टुलावर चढून त्यांनी रिंग मापली, खाली उतरल्या आणि जे हसायला लागल्या ते हसत हसत काट्यावरच बसल्या. माइकवर पप्पांचा आवाज आला, "मॅडम, खाली उतरा. ऐंशी किलो दाखवतंय." मॅडम तिथूनच म्हणाल्या, "त्यात पर्स पण आहे."

मग त्यांनी पप्पांना सांगितलं की खरी रिंग दीड फुटाची असते आणि तुमची जेमतेम फुटाची आहे. मला हसू आवरेना. पप्पा मात्र हसले नाहीत. उभा जन्म दुसऱ्यांची मापं सांगितली आणि पोरीच्याच कामात माप चुकलं, हे त्यांना फार लागलं. ते गॅसकटर आणायलाच निघाले होते. मॅडमनी अडवलं. "हात लावू नका तिला. या पोरीचा नेम त्या रिंगनंच केलाय." पप्पा थांबले, पण तेव्हापासून त्यांच्या शर्टाच्या खिशात टेप असायचा. भाजी आणायला जातानासुद्धा.

पुढची पाच वर्षं मी कॉलेजची गार्ड होते. मग विद्यापीठाची झाले, मग राज्याची. पण मला हवं होतं ते एकच. भारताच्या टीमचा कॅम्प. तिथून पात्रता सामने, तिथून ऑलिंपिक. इतकी वर्षं लोकांकडून ऑलिंपिक म्हणून हाक मारून घेतली होती, एकदा तरी जाऊन यायला नको? शेवटच्या वर्षी कॅम्पच्या निवडीसाठी बोलावणं आलं. पप्पा रजा टाकून माझ्याबरोबर आले.

खेळले मी. खोटं कशाला बोलू, फार छान खेळले. दहा बास्केट टाकायला सांगितली, त्यातली नऊ गेली. मग उंची मापायला भिंतीला उभं केलं. गार्डसाठी किमान पाच-तीन हवी, वरूनच आलंय, असं निवड करणारे सर म्हणाले. त्यांना माझा खेळ आवडला होता, ते त्यांच्या तोंडावर दिसत होतं. त्यांनी माझ्याकडे बघितलं, पप्पांच्या खिशाकडे बघितलं आणि हळूच म्हणाले, "काका, आमचा टेप जुना झालाय. तुम्हीच मापा. तुम्ही सांगाल तो आकडा लिहितो."

याहून सरळ भाषेत कोण सांगणार? फक्त दोन इंच. मी टाचा किंचित उचलल्या. पप्पांनी खाली माझ्या पायांकडे बघितलं. मी टाचा टेकवल्या. त्यांनी टेप लावला, दोनदा बघितलं आणि काट्यावर सांगायचे त्याच आवाजात, पार हॉलच्या टोकापर्यंत ऐकू जाईल असं सांगितलं, "पाच फूट एक."

सरांनी पेनाला टोपण लावलं.

अकरा दिवस मी पप्पांशी बोलले नाही. एका ताटाशेजारी दुसरं ताट, आणि मी आईला सांगायची, "त्यांना सांग, मीठ इकडं द्या." आई वैतागली. बाराव्या दिवशी तिनं पप्पांचा डबा माझ्या हातात दिला आणि म्हणाली, "तूच जा. मला तुमच्यामध्ये माइक नका करू."

काट्यावर गेले, डबा खिडकीतून आत सरकवला आणि विचारलंच, "दोन इंच जास्त सांगितलं असतं तर तुमचं काय जाणार होतं? माझं सगळं गेलं, पप्पा."

पप्पांनी समोरच्या आकड्याकडे बघितलं. काट्यावर ट्रक नव्हता, आकडा शून्य होता. मग म्हणाले, "मला बी वाटलं गं, सांगावं. लई वाटलं. तोंडातनं आलंच न्हाय." डबा बाजूला ठेवत परत म्हणाले, "आन तिथं खोटं बोललो असतो, तर हितं रोज माइकवर सांगितलेलं तुझं आकडं तरी कुणी खरं धरलं असतं का?"

मला रडू यायला लागलं होतं, आणि ड्रायव्हर लोकांसमोर रडायचं नव्हतं, म्हणून बॉल उचलला. तीच फुटभर रिंग. पहिला गेला. दुसरा गेला. पाचव्यानंतर दोन-तीन ड्रायव्हर खाली उतरून उभे राहिले. राज्याची गार्ड झाल्यावरही त्या रिंगमध्ये माझी सातच्या वर कधी गेली नव्हती. आठवा गेला, नववा गेला. दहावा रिंगवर फिरला, आत वळला आणि बाहेर आला.

माइक नुसताच खरखरला. मग पप्पांचा आवाज आला, "दहातले..." आणि मध्येच फाटला. सगळा बाजार थांबून ऐकत होता. "दहातले नऊ." माइक जुना होता म्हणून आवाज तसा आला, असं पप्पा आजही सांगतात.

ते आता रिटायर झालेत आणि मी ऑफिसच्या टीमची गार्ड आहे. तो दहावा बॉल आत गेला होता, आत जाऊन उसळून बाहेर आला, हे मी या डोळ्यांनी बघितलंय. यावरून आमचं अजून भांडण आहे. परवा त्यांच्या वाढदिवसाला मी पेढ्यांचा अख्खा बॉक्स नेला, समोर उघडून ठेवला आणि म्हटलं, "पप्पा, आज तरी दहा म्हणा." त्यांनी दोन पेढे तोंडात टाकले, बॉक्स आईसाठी बाजूला ठेवला आणि म्हणाले, "नऊ."