उलटी धावणारी बस

बायको गेल्यानंतरच्या पहिल्या गणपतीत तिचा सिनेमा दाखवायचा नाही, असं मंडळाच्या पोरांनी परस्पर ठरवलं. मला वाईट वाटू नये म्हणून.

हा भुताचा सिनेमा आम्ही बजाजनगरातल्या शेजाऱ्यांनी मिळून केला होता. गोष्ट माझी, कॅमेरा लग्नाच्या शूटिंगवाल्याकडून मागून आणलेला, नट म्हणजे त्या दिवशी पाळी नसलेले कंपनीतले कामगार. हडळ व्हायला कुणी बाई धजेना, तेव्हा हीच उभी राहिली. तोंडाला तांदळाचं पीठ. चाल माणसाची वाटू नये म्हणून ती कॅमेऱ्याकडं तोंड करून मागं मागं चालत गेली आणि आम्ही ते चित्रण उलटं फिरवलं. पडद्यावर ती पुढं येते, तेव्हा उडालेली धूळ तिच्या पावलांखाली परत जाऊन बसते.

पण त्याच वेळी मागच्या रस्त्यानं कंपनीची बस गेली होती. पडद्यावर तीही उलटी धावू लागली. तोवर कॅमेरा परत गेला होता. मी कपाळाला हात लावला.

"राहू द्या की," ही म्हणाली. "बसलाबी झपाटलंय म्हणायचं."

त्या बसनंच सिनेमा तारला. दर गणपतीत लोक तिची वाट बघायचे. अजूनही इथं एखादी बस मागं येऊ लागली की कुणीतरी म्हणतं, "सरका, हडळ आली."

थोरल्या बहिणीला मंडळाचं पटलं. "वर्षबी झालं नाय. मेलेल्या बाईला भूत करून नाचवतोस?"

"आक्का, त्यात ती मेलेली नाही. मेल्याचं सोंग करतीय."

"फोटोला हार घाल अन् गप बस."

फोटोत ती ओठ मिटून बसलीय. अशी ती कधीच बसायची नाही. आक्काचा शब्द मी आजवर मोडला नव्हता. उठलो, मंडळात गेलो आणि सांगितलं, दाखवायचा. तुम्ही नाही लावला तर माझ्या घराच्या भिंतीवर मी लावीन.

संध्याकाळी गर्दी जमली, पण सगळे चोरून माझ्याकडंच बघत होते. बस उलटी निघाली. कुणी हसलं नाही.

"बसलाबी झपाटलंय," मी मोठ्यानं म्हणालो.

मग मागून एक शिट्टी आली आणि लोक हसत सुटले. पिठाच्या तोंडानं ही धूळ गोळा करत माझ्याकडं येत राहिली.

वर्षश्राद्धालाही लावणार आहे. आक्काला तसं कळवलंय.